हरण्याची मुभा

पुराणकथेवरून चित्रपट आणि चित्रपटावरून व्हिडिओगेम, ही साखळी कागदावर सरळ दिसत असली, तरी तिच्या शेवटच्या दोन कड्यांमध्ये मोठी दरी आहे. मराठीत चित्रपटाच्या प्रयोगालाही ‘खेळ’च म्हणतात, तीनचा खेळ, सहाचा खेळ, पण त्या खेळात रामाने रावणाला मारायचे हे आधीच ठरलेले असते, आणि नऊच्या खेळाला आलेल्या प्रेक्षकाला सहाच्या खेळापेक्षा वेगळा शेवट मिळत नाही, तो त्याला नकोही असतो. व्हिडिओगेममध्ये नायकाची सूत्रे खेळणाऱ्याच्या अंगठ्यांकडे जातात, आणि अंगठा क्षणभर उशिरा पडला की नायक कड्यावरून कोसळतो, शत्रूच्या हातून मरतो व पुन्हा आरंभापाशी येऊन उभा राहतो. हरण्याची शक्यता काढून घेतली तर तो खेळ उरत नाही. त्यामुळे पडद्यावरची पुराणकथा खेळात उतरवणाऱ्यापुढचा पहिला प्रश्न चित्रांचा किंवा तंत्राचा नसून, या कथेतल्या कोणाला हरण्याची मुभा आहे, हा असतो.

कथांचे नवे जन्म या यंदाच्या अंकाच्या सूत्राला धरून या प्रश्नाचा माग ठाणे आणि कल्याण-डोंबिवलीच्या पट्ट्यात काढण्याचे कारण उघड आहे. कॅरिबियन समुद्रातल्या एका बेटावरच्या लोकसमजुतीतून निघालेले, हॉलिवूडच्या पडद्यावरून जपानी व्हिडिओगेममध्ये शिरलेले आणि तेथून जगभर पसरलेले भूत मराठी चित्रपटाने आणून उभे केले, ते डोंबिवलीत.

आडवा फोन

मुंबईहून ठाण्याला देशातली पहिली प्रवासी रेल्वे १६ एप्रिल १८५३ रोजी आली आणि पुढच्याच वर्षी ती कल्याणपर्यंत पोचली. त्याच मार्गावरच्या आजच्या लोकलच्या डब्यात, प्रवाशाने फोन कसा धरला आहे यावरून तो काय करतो आहे ते ओळखता येते: उभा फोन म्हणजे निरोप, बातम्या, छोटे व्हिडिओ, आडवा फोन म्हणजे चित्रपट, मालिका किंवा खेळ, आणि दोन्ही अंगठे काचेवर नाचत असतील तर खेळच. दाराजवळच्या दांड्याला पाठ टेकवून उभ्या असलेल्या महाविद्यालयीन मुलांमध्ये चौघे एकाच लढाईत उतरलेले असतात, आणि ठाणे सुटून डोंबिवली येईपर्यंत त्यांचा एक डाव पुरता होतो. स्टेशनाबाहेरच्या गल्ल्यांमधील गेमिंग कॅफेत तासावर पैसे घेतले जातात, दोन दुकानांच्या मधल्या अरुंद गाळ्यात चार-पाच पडदे आणि खुर्च्या मांडलेल्या असतात, आणि तेथे बहुतेक वेळ फुटबॉल, क्रिकेट आणि मारामारीचे खेळ चालतात.

या मुलांची भाषा ऐकण्यासारखी असते. ‘लेव्हल’, ‘बॉस’, ‘लाइफ’ हे शब्द त्यांच्या तोंडी सहज असले, तरी वाद पेटला की अंगणातले शब्द वर येतात: डाव, भिडू, राज्य, आऊट. थांबायचे असेल तर कंट्रोलरवर स्वतंत्र कळ असते, तरीही ‘टाइमप्लीज’ ऐकू येते. दिवाळीच्या सुट्टीत याच वयाची मुले इमारतीच्या पार्किंगच्या कोपऱ्यात मातीचा किल्ला घालतात, त्यावर हळीव पेरतात, आणि मावळे मांडताना शत्रू कोणत्या वाटेने चढेल, चोरदरवाजा कोठे असेल, तोफेच्या टप्प्यात काय येईल, याची चर्चा करतात. व्हिडिओगेम घडवणाऱ्या कंपन्यांमध्ये नेमके हेच काम पगारी माणसे करतात आणि त्याला ‘लेव्हल डिझाइन’, म्हणजे खेळातल्या एका टप्प्याच्या भूमीची आखणी, असे नाव आहे. दिवाळीच्या पहाटे गणेश मंदिरापाशी जमून फडके रोड फुलवून टाकणाऱ्या डोंबिवलीकर तरुणांपैकी कित्येकांनी लहानपणी ही आखणी हाताने केलेली असते.

हैतीपासून डोंबिवलीपर्यंत

झोंबी हा शब्द आणि त्यामागची कल्पना हैती या देशातून आली. फ्रेंच वसाहतवाल्यांच्या उसाच्या मळ्यांवर आफ्रिकेतून पकडून आणलेले गुलाम तेथे मरेपर्यंत राबत होते, आणि त्यांच्यामध्ये अशी समजूत रुजली की मांत्रिक एखाद्याचे प्रेत उठवून, त्याची इच्छाशक्ती काढून घेऊन, त्याला शेतात राबवू शकतो. मृत्यूनेही ज्याची वेठबिगारी सुटत नाही तो झोंबी. लोकसमजुतीत त्याच्या सुटकेचा उपायही सांगितलेला आहे: त्याने मीठ चाखले, की त्याला आपण कोण हे आठवते. भय वाटायचे ते झोंबीचे नव्हे, झोंबी होण्याचे.

१९३२ साली हॉलिवूडच्या ‘व्हाइट झोंबी’ने ही समजूत पडद्यावर आणली, आणि १९६८ साली जॉर्ज रोमेरो यांच्या ‘नाइट ऑफ द लिव्हिंग डेड’ने तिचा कणा बदलला. मांत्रिक नाहीसा झाला, मळा नाहीसा झाला, आणि माणसाचे मांस खाण्यासाठी लडखडत येणारी प्रेतांची गर्दी तेवढी उरली. त्या चित्रपटात झोंबी हा शब्द उच्चारलाही जात नाही, पण आज जगाला माहीत असलेला झोंबी तोच आहे.

यापुढचे वळण जपानमध्ये आले. कियोशी कुरोसावा यांचा ‘स्वीट होम’ हा भूतपट १९८९ साली आला आणि त्याच वर्षी कॅपकॉम या कंपनीने त्यावर त्याच नावाचा व्हिडिओगेम काढला. पडक्या वाड्यातील भित्तिचित्रे पाहायला गेलेल्या पाच जणांना त्या घरातली अतृप्त स्त्री धरून ठेवते, ही कथा मराठी वाचकाला परकी वाटू नये. खेळात प्रत्येक पात्राजवळ एक वेगळे साधन दिलेले होते, सामान वाहून नेण्यावर मर्यादा होती, आणि मेलेले पात्र परत येत नसे. काही वर्षांनी कंपनीने शिन्जी मिकामी या तरुण खेळकाराला हाच खेळ नव्या यंत्रासाठी पुन्हा घडवायला सांगितले. काम करता करता वाड्यातल्या भुताची जागा रोमेरोच्या प्रेतांनी घेतली, आणि १९९६ साली ‘रेसिडेंट ईव्हिल’ बाहेर पडला. मोजकी काडतुसे, बंद दारे, झालेली प्रगती नोंदवून ठेवण्यासाठी टाइपरायटर आणि त्याच्या शाईच्या फितीही मोजूनच. २००२ साली या खेळावरून पुन्हा चित्रपट निघाला. लोकसमजुतीपासून चित्रपट, चित्रपटापासून खेळ आणि खेळापासून परत चित्रपट, असे हे वर्तुळ एकाच भुताने पुरे केले.

झोंबी खेळाला इतका मानवतो याचे कारण त्याच्या रिकामेपणात आहे. त्याची कोणी पूजा करत नाही, त्याला नातेवाईक नाहीत, तो विनवणी करत नाही, आणि एक पाडला तर दुसरा तयार असतो. पण या सोयीची किंमत मोठी आहे. हैतीतला झोंबी हा अत्याचार सोसणारा होता. खेळातला झोंबी हे नुसते लक्ष्य झाले, आणि मळ्यावर राबून मेलेल्या माणसांची आठवण त्यातून पुसली गेली. लोककथा चित्रपटातून खेळात जाताना जे गमावते त्याचे याहून दुःखद उदाहरण सापडणे अवघड आहे.

म्हणूनच २६ जानेवारी २०२२ रोजी प्रदर्शित झालेल्या ‘झोंबिवली’कडे गांभीर्याने पाहिले पाहिजे. आदित्य सरपोतदार दिग्दर्शित आणि अमेय वाघ, ललित प्रभाकर, वैदेही परशुरामी यांच्या भूमिका असलेल्या या चित्रपटाची मोडणी खेळातून आलेली आहे: बंद झालेली इमारत, मजल्यागणिक वाढणारा धोका, हाताला लागेल त्या वस्तूचे शस्त्र. पण त्याचा गाभा टोलेजंग गृहसंकुल आणि त्याच्या शेजारची वस्ती यांच्यातील भेदाचा व पाण्याच्या प्रश्नाचा आहे. ज्या शहराने जानेवारी २०१४ मध्ये हिरवा पाऊस आणि फेब्रुवारी २०२० मध्ये औद्योगिक वसाहतीत गुलाबी झालेला रस्ता पाहिला, त्या शहरातील प्रेक्षकाला विषारी पाण्याची कल्पना समजावून द्यावी लागत नाही. कोणाच्या श्रमावर कोणाचे घर उभे आहे हा हैतीतल्या झोंबीने विचारलेला मूळ प्रश्न अर्धशतकाच्या करमणुकीत हरवला होता, तो डोंबिवलीच्या निमित्ताने थोडाफार परत आला, हे या चित्रपटाचे मोठेच श्रेय आहे.

एका दिव्यातून दोन राक्षस

झोंबीआधी मिकामी यांच्या हातून घडलेल्या एका खेळाची कथा मराठी घरांत दीड शतक सांगितली जाते आहे. चिपळूणकर पितापुत्रांनी हाती घेतलेल्या ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टीं’मुळे येथे रुळलेला अल्लादीन मुळात अरबी संग्रहात नव्हताच, अलेप्पोच्या हन्ना दियाब या कथेकऱ्याने तो पॅरिसमध्ये आंत्वान गालाँ या फ्रेंच भाषांतरकाराला १७०९ साली तोंडी सांगितला आणि तेथून तो पुस्तकात गेला. १९९२ साली डिस्नेने त्याचा चित्रपट केला, आणि १९९३ साली त्या एकाच चित्रपटावरून दोन निरनिराळ्या यंत्रांसाठी दोन कंपन्यांनी दोन स्वतंत्र खेळ काढले. सेगा कंपनीच्या यंत्रावरील अल्लादीनच्या हातात तलवार होती आणि त्याच्या हालचाली डिस्नेच्या चित्रकारांनी स्वतः रेखाटल्या होत्या. निन्टेन्डोच्या यंत्रासाठी मिकामी यांनी आखलेल्या खेळात तलवार नव्हती, तेथे अल्लादीन उड्या मारत, झोके घेत, शत्रूच्या डोक्यावर पाय देऊन निसटत असे. कथा तीच, चेहरा तोच, पण एक अल्लादीन शिपाई झाला आणि दुसरा बाजारातला चपळ पोर राहिला. मूळ कथेला आणि चित्रपटालाही दुसराच जवळचा आहे. खेळात कथेचा अर्थ संवादांपेक्षा खेळणाऱ्याला कोणते क्रियापद दिले आहे यावर ठरतो, हे या जोडीइतके स्वच्छ क्वचितच दिसते.

संगणक वर्गांच्या काळात, शिकवणी संपल्यावर उरलेल्या दहा मिनिटांत ज्यांनी ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ खेळला, त्यांनाही नकळत हाच वारसा मिळालेला होता. जॉर्डन मेकनर यांच्या १९८९ सालच्या या खेळातला कपटी वजीर जाफर ‘द थीफ ऑफ बगदाद’ या १९४० सालच्या चित्रपटातून आलेला आहे, तलवारबाजी नट एरॉल फ्लिनच्या १९३८ सालच्या रॉबिन हूडवरील चित्रपटातून उचललेली आहे, आणि राजपुत्राचे धावणे-उडी मारणे हे मेकनर यांच्या धाकट्या भावाचे चित्रण करून, एकेक चौकट गिरवून मिळवलेले आहे. तासाभराची मुदत संपली की राजकन्या हातची जाते, हा त्याचा नियम.

कच्चा लिंबू

भारतीय पुराणकथेच्या बाबतीत मात्र गाडी हरण्याच्या याच मुद्द्यावर अडते. अंगणातल्या खेळात लहान भावंडाला घ्यावे लागले, तर त्याला ‘कच्चा लिंबू’ करतात. तो धावतो, पळतो, ओरडतो, पण आऊट होत नाही, आणि त्यामुळे खऱ्या अर्थाने खेळातही नसतो. आपले देव व्हिडिओगेममध्ये आले की त्यांची नेमकी हीच स्थिती होते.

२००५ साली व्ही. जी. सामंत आणि मिलिंद उके यांनी दिग्दर्शित केलेला ‘हनुमान’ हा अॅनिमेशनपट चालला आणि पुराणकथेच्या चलत्चित्रांना बाजारपेठ आहे हे सिद्ध झाले. २००७ सालच्या ‘रिटर्न ऑफ हनुमान’मध्ये तो आजच्या गावातला शाळकरी मारुती झाला. त्यानंतर २००९ साली हैदराबादच्या ऑरोना टेक्नॉलॉजीज या कंपनीने सोनीच्या प्लेस्टेशन २ साठी ‘हनुमान: बॉय वॉरियर’ हा खेळ काढला, तेव्हा अमेरिकेतील हिंदू कार्यकर्ते राजन झेद यांनी त्याला विरोध करून तो मागे घेण्याची मागणी केली, उपास्य देवता खेळणाऱ्याच्या हातातल्या कळांवर नाचवली जाऊ नये, हा त्यांच्या आक्षेपाचा गाभा होता. आक्षेप पटो न पटो, अडचण खरी आहे. ज्या मारुतीचे नाव घेतल्याने भीती जाते अशी श्रद्धा आहे, तोच मारुती एखाद्या नवख्या मुलाच्या हातून वारंवार खड्ड्यात पडणार असेल, तर तो मुलगा मारुतीशी खेळतो आहे की मारुतीला हरवतो आहे?

या अडचणीवर दोन वाटा निघाल्या. पहिली वाट देवाला किंवा वीराला लहान करण्याची, कारण मूल पडले-धडपडले तर कोणाच्या श्रद्धेला धक्का लागत नाही. ‘छोटा भीम’ हे तिचे सर्वांत यशस्वी रूप: महाभारतातून नाव आणि बळ तेवढे घेतले, गदेच्या जागी लाडू आला, दूरचित्रवाणीवरून चित्रपट निघाले आणि मुंबईच्या नझारा टेक्नॉलॉजीजने त्या व्यक्तिरेखेचे खेळ फोनवर आणले. या वाटेची परंपरा मराठीच आहे. दादासाहेब फाळके यांनी १९१९ सालच्या ‘कालियामर्दन’मध्ये कृष्णाचे काम आपल्या लहान मुलीला, मंदाकिनीला दिले, आणि चित्रपटाच्या आरंभी तिला साध्या रूपात पडद्यावर आणून तिचे निरनिराळे हावभाव दाखवले. पुढे दिसणार तो कृष्ण असला तरी खेळते आहे ती ही मुलगी, असा करार त्यांनी प्रेक्षकाशी आधीच करून टाकला.

दुसरी वाट नाव बदलण्याची आहे. २६ ऑक्टोबर २०११ रोजी, ऐन लक्ष्मीपूजनाच्या दिवशी, ‘रा.वन’ प्रदर्शित झाला. अनुभव सिन्हा यांच्या या चित्रपटाचा विषयच व्हिडिओगेम होता: मुलाला कधीच न हरणारा खलनायक हवा असतो, बाप तसा घडवतो, आणि तो खेळातून बाहेर पडतो. रावणाचे नाव संगणकी परिभाषेत फोडून घेतलेले, त्याच्यासमोर जी.वन, म्हणजे उच्चारात ‘जीवन’, आणि मध्य रेल्वेची लोकल छत्रपती शिवाजी टर्मिनसमध्ये घुसण्याचा प्रसंग. मुंबईच्या ट्राइन या कंपनीने सोनीच्या प्लेस्टेशन २ आणि ३ या यंत्रांसाठी यावरचा खेळ तयार केला. पुराणकथेतून चित्रपट आणि चित्रपटातून खेळ हा प्रवास या भूमीत जो पूर्ण झाला, तो असा टोपणनावाने. राम हरू शकत नाही, पण जी.वन हरू शकतो. २०१७ साली ‘बाहुबली’वरून बंगळूरच्या मूनफ्रॉग लॅब्ज या कंपनीने काढलेल्या खेळातही माहिष्मतीचे सैन्य उभारायचे होते, हस्तिनापूरचे नव्हे.

पुण्याच्या नॉडिंग हेड्स या लहान चमूने २०२० साली आणलेला ‘राजी: अॅन एन्शंट एपिक’ चित्रपटावरून घेतलेला नाही, तरी या संदर्भात तो टाळता येत नाही. त्यात नायिका राजी ही सर्कशीत कसरती करणारी माणसातली मुलगी आहे, तिच्या भावाला असुरांनी नेले आहे. दुर्गा तिला त्रिशूल देते, विष्णू धनुष्य देतो, आणि दोघे मिळून तिची कथा सांगतात. पडते, मरते, पुन्हा उठते ती राजी, आणि देव बोलत राहतात. चीनमध्येही २०२४ साली गाजलेल्या ‘ब्लॅक मिथ: वुकाँग’मध्ये खेळणाऱ्याला प्रत्यक्ष वानरराज सून वुकाँग न करता त्याच्या मागावर निघालेला दुसराच एक वानर केले आहे. ग्रीक देवांची गोष्ट वेगळी. ‘क्लॅश ऑफ द टायटन्स’ या १९८१ सालच्या चित्रपटाचे संस्कार घेऊन आलेल्या ‘गॉड ऑफ वॉर’मध्ये नायक त्या देवांना एकामागून एक ठार करत जातो, आणि त्यांच्यासाठी मोर्चा काढणारे फारसे कोणी उरलेले नाहीत.

गोविंदा पडतो, कृष्ण पडत नाही

देव आणि खेळ यांचे जमत नाही, असा निष्कर्ष यावरून काढणे चुकीचे ठरेल, कारण महाराष्ट्राने हे कोडे फार पूर्वी सोडवलेले आहे. सावंतवाडीच्या दशावतारी गंजिफ्याच्या डावात १२० गोल पाने असतात, मत्स्यापासून कल्कीपर्यंत दहा अवतारांची प्रत्येकी बारा; दिवसा खेळताना रामाचा राजा ज्याच्याकडे असेल त्याने उतारी करायची आणि रात्री कृष्णाचा राजा ज्याच्याकडे असेल त्याने. तेथे हरतो तो पान हातात धरणारा. परंपरेने ज्ञानेश्वरांशी जोडल्या जाणाऱ्या मोक्षपटात साप गिळतो तो खेळणाऱ्याची सोंगटी.

ठाण्यात तर हे उत्तर दरवर्षी भर रस्त्यात उभे राहते. दहीहंडी ही कृष्णकथेचीच खेळात झालेली मांडणी आहे, तिला उंची आहे, थर आहेत, बक्षीस आहे आणि पडण्याचा खरा धोका आहे. २०१२ साली येथेच नऊ थर लावून ४३.७९ फुटांचा जागतिक विक्रम नोंदवला गेला. वर चढणाऱ्या मुलाला गोविंदा म्हणतात, कृष्ण म्हणत नाहीत. थर कोसळला तर गोविंदा पडला असे म्हटले जाते. जुन्या ठाणे जिल्ह्याचा, आणि १ ऑगस्ट २०१४ पासून पालघर जिल्ह्याचा भाग असलेल्या जव्हार-मोखाड्यात बोहाड्याच्या रात्री देव-दानवांचे मुखवटे संबळाच्या तालावर नाचतात, त्यांना हात जोडले जातात, आणि मुखवटा उतरला की त्यामागचा माणूस पुन्हा शेजारी होतो. सोंग आणि सोंग घेणारा यांच्यातले अंतर सर्वांना ठाऊक असते, आणि तेच सांभाळून खेळ चालतो. भारतीय पुराणावरचे बहुतेक व्हिडिओगेम हे अंतर ठेवायला विसरतात. ते खेळणाऱ्याला थेट देव करून टाकतात.

सोळा मिलिसेकंद

या सांस्कृतिक अडचणीच्या जोडीला तांत्रिक अडचणी आहेतच. चित्रपटाच्या एका सेकंदात २४ चौकटी असतात, आणि संगणकावर घडवलेल्या दृश्याची एक चौकट तयार व्हायला कित्येक तास लागले तरी चालते, कारण ती एकदाच करून ठेवायची असते. व्हिडिओगेममध्ये पुढच्या क्षणी खेळणारा कोणीकडे वळेल हे माहीत नसल्यामुळे चौकट त्याच क्षणी घडवावी लागते, आणि सेकंदाला ६० चौकटी हव्या असतील तर एका चौकटीला जेमतेम १६ मिलिसेकंद मिळतात. चित्रपटासाठी केलेला राक्षस त्यामुळे खेळात तसाच नेता येत नाही, त्याच्या अंगावरचे लाखो बारीक त्रिकोण कमी करून तो पुन्हा घडवावा लागतो. त्यात चित्रपटाची प्रदर्शनाची तारीख दिवाळीला किंवा नाताळला खिळलेली असते आणि खेळाने त्याच दिवशी दुकानात पोचावे अशी निर्मात्याची अपेक्षा असते. १९८२ साली ‘ई.टी.’ या चित्रपटावरचा खेळ सुमारे पाच आठवड्यांत उरकला गेला. न खपलेल्या त्याच्या प्रती पुढच्या वर्षी न्यू मेक्सिकोच्या वाळवंटात पुरल्या आणि २०१४ साली उकरून काढल्या गेल्या.

एक अडचण मात्र तंत्राची आणि श्रद्धेची दोन्ही आहे. आजच्या बहुतेक साहसी खेळांत कॅमेरा नायकाच्या पाठीमागे असतो, आणि खेळणारा तासन्‌तास त्याची पाठच पाहतो. आपल्याकडे देवाचे दर्शन घ्यायचे असते ते समोरून, डोळ्याला डोळा भिडवून. मूर्तिकाराचे, कॅलेंडर छापणाऱ्याचे आणि पौराणिक चित्रपट काढणाऱ्याचेही सारे कसब त्या चेहऱ्यावर खर्च झालेले असते. पाठमोरा राम चालवणे हा अनुभव भक्ताला आणि प्रेक्षकाला सारखाच अपुरा वाटतो, आणि यावरचा उपाय एखाद्या परदेशी खेळाची नक्कल करून सापडणार नाही.

भुतांचे कायदे

मग खेळासाठी आपल्याकडचे काय घ्यावे? उत्तर देव्हाऱ्याबाहेर आहे. मराठी लोककथेतली भुते नियमांनी बांधलेली आहेत, आणि खेळ म्हणजे मुळात नियमच. मुंजा पिंपळ सोडत नाही. हडळीची ओळख तिच्या उलट्या पावलांवरून पटते. वेताळाची पालखी अमावास्येच्या रात्री निघते आणि तिच्या वाटेत थांबायचे नसते. चकवा माणसाला रात्रभर फिरवून पुन्हा पहिल्या जागी आणून सोडतो, आणि सुटायचे असेल तर चालणे थांबवून, बसून, उजाडण्याची वाट पाहावी लागते. जपानी खेळकार हिदेओ कोजिमा यांनी २०१४ साली ‘पी.टी.’ या छोट्या खेळात एकच बोळ पुन्हापुन्हा चालायला लावून जगाला घाबरवले; कोकणातल्या म्हाताऱ्यांना तो बोळ ओळखीचा वाटला असता. वेताळपंचविशीत तर खेळाचे चक्र पुरते आखलेले आहे: प्रेत खांद्यावर घेऊन गप्प चालायचे, उत्तर माहीत असून दिले नाही तर डोके फुटेल, आणि दिले तर मौन मोडून वेताळ पुन्हा झाडावर. अंबरनाथचे शिवमंदिर १०६० सालचे आहे हे शिलालेख सांगतो, पण पांडवांनी ते एका रात्रीत बांधले ही लोककथा त्याला मुदतीच्या खेळात बसवते.

मराठी दिग्दर्शकांनी ही खाण उघडली आहे. ‘झोंबिवली’ करणाऱ्या सरपोतदारांनीच २०२४ साली ‘मुंज्या’मध्ये कोकणातला मुंजा हिंदी पडद्यावर, संगणकावर घडवलेल्या पात्राच्या रूपात उभा केला. राही अनिल बर्वे यांचा २०१८ सालचा ‘तुंबाड’ तर चित्रपटाच्या वेषातला खेळच आहे: पिठाचे रिंगण म्हणजे सुरक्षित जागा, पिठाची बाहुली म्हणजे हस्तर या देवाला गुंतवण्याचे साधन, तो बाहुली खात असेपर्यंत त्याच्या लंगोटातून मोहरा ओढून दोरावर चढायचे, आणि लोभाने एकाऐवजी अनेक बाहुल्या नेल्या तर हस्तरही तितकेच उभे राहतात. नियम आणि नीती एकाच कृतीत अशी सांधली जाणे हे चांगल्या खेळाचे लक्षण आहे. हस्तर हा काल्पनिक देव असल्याने तेथे कोणाची श्रद्धा आड येत नाही आणि हरणारा नेहमी माणूसच असतो.

पण गावोगावचे असे नियम अजून बहुतेक तोंडीच आहेत. बदलापूर, मुरबाड, शहापूरकडून किंवा कोकणातून येऊन ठाणे, डोंबिवली, कल्याणच्या इमारतींमध्ये राहिलेल्या आजी-आजोबांना ते ठाऊक आहेत, आणि आडवा फोन धरणाऱ्या नातवंडांना ते हवे आहेत. या सुट्टीत किल्ल्याचे काम आटोपल्यावर घरातल्या वडीलधाऱ्यांना आपल्या गावच्या चकव्याचा, गिऱ्याचा, म्हसोबाचा नियम विचारावा, कोणत्या वाटेवर, कोणत्या तिथीला, सुटका कशी, हे सर्व त्यांच्याच शब्दांत वहीत उतरवावे, आणि तिची एक प्रत ग्रंथालयात देऊ करावी. कल्याणचे सार्वजनिक वाचनालय १८६४ साली आणि ठाण्याचे मराठी ग्रंथसंग्रहालय १८९३ साली सुरू झाले. अशा वह्यांसाठी याहून जवळची जागा नाही.